जिवंत कोणाला म्हणावे?



दोन वर्षांपूर्वी श्रावणातील एका रात्री मठाच्या दारात एक भक्त येऊन उभे राहिले. शेतकरी माणूस, वय साठीच्या घरातले. त्यांच्या धाकट्या भावाला मोटारसायकलच्या अपघातात डोक्याला मार लागला होता आणि तो तीन दिवस शहरातील रुग्णालयात यंत्रावर होता. मेंदूचे कार्य पूर्णपणे संपले आहे, आता भाऊ राहिलेला नाही, असे डॉक्टरांनी त्या दिवशी सांगितले होते. घरच्यांची संमती असेल तर त्याचे अवयव इतर रुग्णांना देता येतील, विचार करून सकाळी कळवा, असेही सांगितले होते. ते हात जोडून म्हणाले, "अप्पाजी, त्याची छाती वर-खाली होतीय. हात लावला तर अंग ऊन लागतंय. आणि हे म्हणतात, गेला. मला एवढंच सांगा, तो जिवंत आहे का नाही?"

आम्ही त्यांना आत बसविले आणि जे पाठ होते ते सांगितले. आत्मा अमर आहे, देह नाशवंत आहे, देह हे आत्म्याचे वस्त्र आहे, शोक करू नये. त्यांनी मान डोलावली, विभूती लावून घेतली आणि ते निघून गेले. घरात कोणाचाच निर्णय झाला नाही. दुसऱ्या दिवशी सायंकाळी भावाचे हृदयही थांबले. महिनाभराने ते पुन्हा मठात आले. तक्रार करायला आले नव्हते. जाता जाता एवढेच म्हणाले, "अप्पाजी, मी आत्म्याचं विचारलं नव्हतं. भावाचं विचारलं होतं."

हे वाक्य तेव्हापासून आमची पाठ सोडीत नाही. प्रश्न नेमका होता, उत्तर मोघम होते. जो प्रश्न विचारलेला नाही त्याचे उत्तर देणे हा आम्हा पाठशाळेत शिकलेल्यांचा जुना दोष आहे. म्हणून या महिन्याच्या पाठात तोच प्रश्न घेऊ : सजीव म्हणजे काय, एक जीव कोठे सुरू होतो आणि कोठे संपतो, आणि आपल्या शरणांच्या विचारातून या प्रश्नाकडे कसे पाहावे?

१. लक्षणांचा मार्ग

कोणत्याही वस्तूची ओळख पटविण्याचा शास्त्रातील पहिला मार्ग म्हणजे तिची लक्षणे सांगणे. वैशेषिक दर्शनाने आत्म्याची खूण म्हणून श्वासोच्छ्वास, पापण्यांची उघडझाप, मनाची गती, सुख-दुःख, इच्छा-द्वेष इत्यादी गोष्टी मोजल्या. त्यावर विवेचन करताना प्रशस्तपादांनी एक सुंदर दाखला दिला आहे. शरीर वाढते, जखम भरून येते, मोडलेले हाड सांधते. घराची डागडुजी होताना दिसली की आत घरधनी नांदतो आहे असे आपण समजतो, तसेच हे होय.

दाखला चांगला आहे, पण लक्षणांचा मार्ग पुढे अडखळतो. देवघरातील नंदादीप पाहा. तो तेल खातो, त्याला हवा लागते, हवा तोडली की तो विझतो. तो लहान-मोठा होतो. एका दिव्यावर दुसरा दिवा लागतो, म्हणजे त्याला संततीही आहे. तरी दिव्याला कोणी सजीव म्हणत नाही. उलट खेचराला सहसा संतती होत नाही. म्हणून खेचर निर्जीव आहे काय? बाहेरून डिवचले असता प्रतिसाद देणे हे लक्षण घ्यावे, तर जगदीशचंद्र बोस यांनी १९०२ साली प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात वनस्पतींबरोबर धातूंचेही विद्युत् प्रतिसाद नोंदवून दाखविले. आणि बियाणे? ते पोत्यात पडून असते, हलत नाही, वाढत नाही. इस्रायलमधील मसादा किल्ल्याच्या उत्खननात सापडलेले खजुराचे सुमारे दोन हजार वर्षांपूर्वीचे बी २००५ साली पेरले आणि त्याला कोंब फुटला. मधल्या दोन हजार वर्षांत ते बी जिवंत होते की नव्हते?

येथे आणखी एक गोष्ट मोकळेपणाने सांगितली पाहिजे. आपल्या परंपरेत प्राण्यांचे चार वर्ग सांगतात : जरायुज, अंडज, स्वेदज व उद्भिज्ज. यांपैकी स्वेदज, म्हणजे घामापासून अगर ओलाव्यापासून आपोआप उपजणारे जीव, हा वर्ग आता टिकत नाही. इटलीतील फ्रान्चेस्को रेदी यांनी १६६८ साली मांस झाकून ठेवून दाखविले की माशीने अंडी घातल्याशिवाय त्यात अळी पडत नाही. पुढे १८६० च्या सुमारास फ्रान्समध्ये लुई पाश्चर यांनी सूक्ष्म जंतूंच्या बाबतीत तेच सिद्ध केले. आज आपल्या डोळ्यांसमोर जो जीव येतो, तो आधीच्या जिवापासूनच येतो. पूर्वजांनी डोळ्यांना दिसले ते प्रामाणिकपणे लिहिले. आपण अधिक दिसले ते प्रामाणिकपणे स्वीकारावे. यात परंपरेची हानी नाही.

२. तंबाखूच्या पानावरील कोडे

निपाणी-चिकोडी भागातील आमच्या भक्तांना तंबाखूचे पीक ठाऊक आहे. त्या पिकावर एक रोग पडतो. पानावर फिकट आणि गडद हिरव्या रंगाचे ठिपके उमटून पान चितकबरे होते. रोगट पान हाताळलेला हात निरोगी रोपाला लागला तरी रोग पसरतो. १८९२ साली रशियातील इव्हानोव्स्की यांना आढळले की जंतू अडवणाऱ्या बारीक गाळणीतून रोगट पानांचा रस गाळला तरी त्याचा दोष जात नाही. १८९८ साली हॉलंडच्या बायरिंक यांनी हा जंतूहून वेगळा प्रकार आहे असे मांडले. यालाच आपण आज विषाणू म्हणतो.

खरे आश्चर्य १९३५ साली घडले. अमेरिकेतील वेंडेल स्टॅन्ली यांनी हा विषाणू शुद्ध करून त्याचे स्फटिक मिळविले. खडीसाखरेचे स्फटिक असतात, मिठाचे असतात, तसे विषाणूचे! ते बाटलीत ठेवले तर खात नाहीत, श्वास घेत नाहीत, वाढत नाहीत. पण तेच पाण्यात विरघळवून तंबाखूच्या पानावर चोळले की पुन्हा रोग, पुन्हा लाखो विषाणू. या संशोधनासाठी स्टॅन्ली यांना १९४६ साली रसायनशास्त्राचे नोबेल पारितोषिक विभागून मिळाले. जिवाविषयीच्या शोधाला रसायनाचे पारितोषिक मिळावे, यातच ते कोडे दिसते.

मग विषाणू सजीव की निर्जीव? शास्त्रज्ञांत आजही यावर एकमत नाही. पण आमच्या मते कोड्यातूनच एक धागा हाती येतो. बाटलीतील विषाणू आणि पानातील विषाणू यांत घटकांचा भेद नाही. भेद आहे तो संबंधाचा. पानाशी संबंध आला की जीवनाचा व्यवहार सुरू होतो, संबंध तुटला की थांबतो. जीवन ही कणात भरून ठेवलेली वस्तू नसून घडणारी गोष्ट आहे, असे दिसते. चरकसंहितेत आयुष्याची व्याख्या करताना शरीर, इंद्रिये, मन आणि आत्मा यांचा संयोग म्हणजे आयुष्य, असे म्हटले आहे. आयुष्य हा पाचवा पदार्थ सांगितलेला नाही. चौघांचे एकत्र असणे म्हणजे आयुष्य. वैद्यांनी केलेली ही व्याख्या फार विचाराची आहे.

३. एक जीव म्हणजे किती?

दुसरा प्रश्न याहून अवघड आहे. सजीव कोण हे कळले, तरी 'एक' सजीव कोणता?

छांदोग्य उपनिषदात उद्दालक आरुणी आपल्या मुलाला, श्वेतकेतूला, एका मोठ्या झाडापाशी नेऊन समजावतो. झाडाला बुंध्याशी, मध्ये वा शेंड्याला घाव घातला तरी चीक येतो, कारण झाड जिवंत आहे. जीव एक फांदी सोडून गेला तर ती फांदी वाळते; सगळे झाड सोडून गेला तर सगळे वाळते. म्हणजे येथे झाडभर एकच जीव पसरलेला आहे.

आता कोलकात्याजवळ हावडा येथील वनस्पती उद्यानातला प्रसिद्ध वड पाहा. त्याच्या मूळ खोडाला बुरशीने कुजवले, म्हणून ते १९२५ साली काढून टाकावे लागले. झाड मात्र आपल्या हजारो पारंब्यांवर आजही उभे आहे आणि पसरते आहे. ज्याला आपण 'झाड' म्हणतो तो बुंधाच गेला, आणि झाड राहिले. मग झाडाचा जीव कोठे होता?

इतके लांबही जायला नको. गोव्याकडे मानकुराद, कोकणात हापूस, या आंब्यांची झाडे कलमाने वाढवितात. फांदी एका झाडाची, मूळ दुसऱ्याचे. कापलेली फांदी उद्दालकाच्या म्हणण्याप्रमाणे वाळायला हवी होती. वेळेत दुसऱ्या खुंटावर बांधली म्हणून वाळली नाही. ज्या झाडाची पहिली काडी कोणी कापली, ते झाड केव्हाच मातीत गेले असेल. त्याची फांदी मात्र पिढ्यान् पिढ्या परक्या मुळांवर जगते आहे आणि त्याच चवीचे फळ देते आहे. आता ते जुने झाड जिवंत आहे असे म्हणायचे की मेले असे? शेतकरी याचे उत्तर चटकन् देईल : झाड गेले, फांदी जगली. दोन्ही विधाने एकाच वेळी खरी आहेत. ही गोष्ट लक्षात ठेवावी. पुढे उपयोगी पडेल.

मनुष्यदेहही असाच आहे. २०१६ साली प्रसिद्ध झालेल्या एका मोजणीनुसार प्रौढ माणसाच्या शरीरात स्वतःच्या पेशी सुमारे तीस लक्ष कोटी असतात आणि जंतूही साधारण तितकेच, किंबहुना थोडे अधिकच असतात. त्यांतील पुष्कळ जंतू आपले अन्न पचवायला मदत करतात. 'माझे शरीर' असे आपण सहज म्हणतो, पण ते एकट्याचे घर नाही. तो एक मोठा मठ आहे, आणि तेथे रोज असंख्यांची पंगत बसते.

४. स्थावर आणि जंगम

आता आपल्या घरच्या विचाराकडे येऊ. संस्कृतात चराचर सृष्टीचे दोन भाग सांगतात, स्थावर व जंगम. डोंगर आणि वृक्ष स्थावर. चालणारे-फिरणारे ते जंगम. व्यवहारातही स्थावर-जंगम मालमत्ता असे आपण म्हणतो. बाराव्या शतकात महात्मा बसवण्णांनी ही जोडी उचलली आणि तिला जो अर्थ दिला तो सर्व भक्तांना मुखोद्गत आहे, म्हणून ते वचन येथे लिहीत नाही. त्याचा नेहमीचा अर्थ असा की दगडी देऊळ पडेल, पण देहाचे चालते-बोलते देऊळ आणि त्यातील चैतन्याचा प्रवाह पडणार नाही.

आजच्या विषयाच्या दृष्टीने या शब्दांत आणखी एक अर्थ दडलेला आहे. देऊळ एकदा बांधले की उभे राहते. त्याचे दगड तेच राहतात. सजीव तसा उभा राहत नाही. रक्तातील तांबड्या पेशी सुमारे १२० दिवसांत झिजतात व नव्या येतात. कातडी झडते, नवी येते. ओढ्यातील भोवऱ्याचे पाणी क्षणोक्षणी बदलते आणि भोवरा तोच दिसतो, तसे आपले हे शरीर आहे. जोवर हे येणे-जाणे चालू आहे तोवर जीवन. ते थांबले की उरते ते स्थावर. या अर्थाने वृक्ष शब्दकोशात स्थावर असला तरी विचारात जंगमच आहे, कारण त्याच्या आत रस चालतो आहे. आणि आमच्यासारखा मठपती रूढीने जंगम असला तरी नवे काही शिकायचे थांबला की स्थावर झालाच म्हणून समजावे.

जंगम शब्दात दुसरी खूण आहे ती आपणहून चालण्याची. गाडा चालतो, पण बैल ओढतो म्हणून. चाललेला आणि चालविलेला यांत भेद आहे.

तिसरी खूण शक्तिविशिष्टाद्वैताची. शिव कधीही शक्तीवाचून नसतो, म्हणून जग मिथ्या नाही आणि जड म्हणून जे दिसते तेही चैतन्याला सर्वस्वी पारखे नाही. सजीव आणि निर्जीव यांच्यामध्ये भिंत नसून चैतन्य कमी-अधिक प्रकट होण्याचा उतार आहे, असे या दृष्टीने म्हणता येते. विषाणूसारखी मधली अवस्था दिसली तर आपल्याला गोंधळून जाण्याचे कारण नाही. उतारावर मधल्या जागा असायच्याच. सिद्धांतशिखामणीत १०१ स्थळांचा आरंभ पिंडस्थळाने होतो आणि लगेच पिंडज्ञानस्थळ येते. देह कोणता व देही कोणता हा विवेक साधकाने आरंभीच करावा, अशी ती योजना आहे.

षट्स्थळांचा क्रमही पाहण्यासारखा आहे : भक्त, महेश, प्रसादी, प्राणलिंगी, शरण आणि ऐक्य. प्राणाचे रहस्य चौथ्या स्थळी उलगडते. त्याच्या आधी प्रसादी व्हावे लागते. जे मिळाले ते प्रसाद म्हणून घ्यायला आणि वाटायला शिकल्याखेरीज प्राण म्हणजे काय हे कळत नाही, असा त्याचा अर्थ आम्ही करतो. जीवनाची व्याख्या पुस्तकात पुरी होत नाही. ती दासोहात पुरी होते.

५. त्या रात्रीचे उत्तर

आता त्या भक्ताच्या प्रश्नाकडे वळू. "भाऊ जिवंत आहे का नाही?"

आपल्या देशात यासंबंधी १९९४ साली कायदा झाला. तो आरंभी गोवा, महाराष्ट्र व हिमाचल प्रदेश या राज्यांत आणि केंद्रशासित प्रदेशांत लागू झाला, नंतर इतर राज्यांनी स्वीकारला. मेंदूचा देठ, म्हणजे श्वास चालविणारा मेंदूचा खालचा भाग, कायमचा निकामी झाला आहे की नाही हे चार डॉक्टरांचे मंडळ तपासते. सुमारे सहा तासांच्या अंतराने ही तपासणी दोनदा करतात. डोळ्यांत उजेड टाकून पाहतात, घशाची हालचाल पाहतात, आणि शेवटी यंत्राचा श्वास थांबवून रुग्ण आपणहून एक तरी श्वास घेतो का ते पाहतात. ही शेवटची परीक्षा वाचली तेव्हा आम्हाला 'जंगम' शब्द आठवला. आपणहून चालणे उरले आहे का, हेच तेथे विचारले जाते.

हृदय मात्र चालत असते. त्याचे कारण असे की ठोक्याची सुरुवात हृदयातच होते. तेथे एक लहानसा गाठीसारखा भाग आहे, तो १९०७ साली इंग्लंडमध्ये प्रथम ओळखला गेला. प्राणवायू मिळत असेल तर हृदय काही काळ आपल्या बळावर चालू शकते. म्हणूनच ते दुसऱ्याच्या छातीत बसविता येते. १९६७ साली दक्षिण आफ्रिकेत हे प्रथम घडले आणि १९९४ साली दिल्लीत आपल्या देशातील पहिली यशस्वी शस्त्रक्रिया झाली.

या विचाराला आक्षेप नाहीत असे नाही. १९६८ साली हार्वर्डच्या समितीने मेंदूच्या कार्यावरून मृत्यू ठरवावा असे सुचविले, तेव्हा हान्स योनास या तत्त्वज्ञाने विरोध केला. जीवन आणि मृत्यू यांतील सीमारेषा आपल्याला नेमकी माहीत नाही; मग दुसऱ्याला अवयव हवे आहेत म्हणून ती रेषा आपल्या सोयीने आखू नये, असे त्याचे म्हणणे होते. हा आक्षेप प्रामाणिक आहे. त्याला आमचे उत्तर एवढेच की संधिप्रकाश कोठे संपला हे सांगता येत नाही, पण म्हणून रात्र झाल्याचे कळतच नाही असे नाही. मात्र ज्यांचे मन मानत नाही त्यांना कोणी दोष देऊ नये. संमती ही संमतीच असली पाहिजे.

तेव्हा त्या रात्री आम्ही असे सांगायला हवे होते : "बाबा, भाऊ गेले. त्यांच्या देहातील काही भाग अजून जिवंत आहेत. छातीचे हलणे यंत्राचे आहे. अंगाची ऊब पेशींची आहे. ठोका हृदयाचा स्वतःचा आहे. पण या साऱ्यांना एकत्र बांधून 'मी' म्हणणारा आणि तुम्ही हाक मारल्यावर 'ओ' देणारा आता परत येणार नाही. झाड गेले आहे, फांदी अजून ओली आहे. वेळेत खुंटावर बांधली तर जगेल, नाही तर तीही वाळेल. बांधायची की नाही, ते तुम्ही घरची मंडळी मिळून ठरवा."

पुष्कळांच्या मनात एक शंका असते, ती येथे दूर करतो. देह अपुरा असेल तर समाधी देता येईल का, ऐक्याला बाधा येईल का? समाधीत ठेवलेला देह मातीला मिळण्यासाठीच ठेवलेला असतो. ऐक्य होते ते भावाचे. मूत्रपिंडाचे वा डोळ्यांचे नव्हे. ज्याने आयुष्यभर दासोह केला त्याच्या देहाने शेवटचा दासोह केला, तर त्याच्या हातातील इष्टलिंग त्याला नाकारील असे आम्हाला वाटत नाही.

हे सारे आम्ही गेल्या महिन्यात त्या भक्तांना बोलावून सांगितले. उशीर झाला होता, हे आम्हीही जाणतो आणि तेही. ते बराच वेळ गप्प बसले. मग म्हणाले, "कलमाचं कळलं, अप्पाजी. त्या रात्री कळलं असतं."

असो. शास्त्र शिकलेल्या माणसाने विचारलेल्या प्रश्नाला उत्तर द्यावे, हा या पाठाचा आमच्यापुरता धडा. वाचकांसाठी धडा असा की ज्या प्रश्नाचे उत्तर एका रात्रीत द्यावे लागते, त्याचा विचार आधी शांतपणे घरात बसून करून ठेवावा.

मननासाठी

१. नंदादीप, बियाणे, विषाणू व खेचर या चौघांनाही लागू पडेल अशी सजीवाची व्याख्या तुम्हाला करता येते का? कोठे अडते ते लिहून पाहा.

२. शेतात औषध फवारताना, झाड तोडताना, दूध काढताना आपण जिवांशी व्यवहार करतो. सजीवाची व्याख्या होईपर्यंत दया थांबवावी काय?

३. आपल्या दिनचर्येतील कोणती गोष्ट जंगम आहे आणि कोणती स्थावर होऊन बसली आहे?

४. आपल्या पश्चात आपल्या देहाचे काय करावे, हे घरच्यांशी बोलला आहात का?

शरणु शरणार्थी.